कार्ड नसलेली ज्वारी

ज्या दिवशी आमच्या दुकानावर सरकारच्या भावाची पाटी लागली, त्या दिवशी शहाद्याचा बाजार होता. लढाईमुळे कंट्रोल आला होता. ज्वारी द्यायची ती कार्ड पाहून, पाटीवरच्या भावाने.

मी मॅट्रिक होऊन वडिलांजवळ दुकानात बसत होतो. पाटीचा खिळा मीच ठोकला. आदल्या वर्षी भाव चढेपर्यंत वडिलांनी कोठार उघडले नव्हते, म्हणून मी दोन दिवस त्यांच्याशी बोललो नव्हतो. सरकार मध्ये पडले ते बरे झाले, असे मला मनापासून वाटत होते.

सातपुड्यातून एक पावरा आदिवासी बाई दर बाजाराला चारोळी घेऊन यायची. चारोळीच्या मापाला ज्वारीचे माप, असा तिचा आमचा व्यवहार. तो तिच्या तोट्याचा होता. पण माप वडील शिगेपर्यंत भरत.

त्या दिवशी ती म्हणाली, "शेट, मन्ही पोर बाळंत व्हयनी शे. घरमा दाना नही."

"कार्ड लई उनी का?" वडिलांनी विचारले.

"मंग दुकान तुन्हं का सरकारनं?" ती हसली.

"सरकारनंच समज, बाई."

पुढच्या बाजारी तिने कमरेची गाठ सोडून एक कागद काढला. "देख, शिक्का शे." वडिलांनी तो माझ्याकडे दिला. लाकूड तोडल्याबद्दल जंगल खात्याने केलेल्या दंडाची ती पावती होती.

"मी सरकारले पैसा दिधा, सरकारनी कागद दिधा," ती म्हणाली. "आते दाना दे."

वडिलांनी माप हातात घेतले होते. ते माझ्याकडे पाहत राहिले. त्यांच्या वह्या गुजरातीत असत; मराठी अक्षर त्यांना नीट लागत नसे. मी हो म्हटले असते, तर त्यांनी भरून दिले असते. मी नकारार्थी मान हलवली. त्यांनी माप खाली ठेवले. चारोळी तशीच डोक्यावर घेऊन ती गेली.

नंतर दोन बाजार ती आली नाही. तिसऱ्या बाजारी तिच्या पाड्यावरचा एक जण मीठ न्यायला आला. वडिलांनी चौकशी केली. "पोर मरी गई," तो म्हणाला. "बाई आते खाले येत नही."

वडील मला काही बोलले नाहीत. त्या दिवशीही नाही, पुढे कधीही नाही.

कंट्रोल चुकीचा होता, असे मला अजूनही म्हणता येत नाही. वडील गेले, ती बाईही कधीच गेली असेल. मी मान हलवली होती, हे माहीत असलेला आता मी एकटा आहे.