मग वजा गेला कुठे?

शिकवणाऱ्या माणसाला किस्से गोळा करावे लागत नाहीत. खडूच्या भुकटीसारखे ते आपोआप अंगावर बसतात. माझे सगळे कळव्यातले. तिथे एका सोसायटीच्या हॉलमध्ये दुपारी मी पुन्हा दहावीला बसणाऱ्या बायकांना गणित शिकवते. खिडकीतून खाडीचा वारा, जेवून आलेल्या बायका... अर्धं गणित पेंगेतच होतं!

ऋण घातांकांचा पहिला दिवस. फळ्यावर 2⁻³ लिहिलं. सगळ्या एका सुरात, "वजा आठ!"

"एक छेद आठ," मी म्हटलं.

शिवणकाम करणारी शुभदा गणितात दोनदा नापास झालेली. ती उठली. "मॅडम, मग वजा गेला कुठे?"

"आठला छेदात बसवलं आणि गेला."

"काम करून गुपचूप गेला? आमच्या घरात असं कोणी नाही!"

*

"दोनचा घातांक एकाने उतरला की उत्तर अर्धं," मी समजावलं. शुभदाने पिशवीतून रुमाल काढला. एक घडी घातली, मग आणखी दोन.

"आठवा भाग! अहो, हे मी रोज करते. मग नापास कशी झाले?"

*

बोर्डाच्या परीक्षेत तिने बाकाखाली तोच रुमाल काढला. पर्यवेक्षक धावत आले. "कॉपी?"

त्यांनी एकेक घडी उलगडली. कोरा रुमाल!

"सर, नीट घडी घालून द्या," शुभदा म्हणाली, "माझं उत्तर होतं ते."

पास झाली.

*

वर्गात सगळ्यात मोठ्या फिलोमिना मावशी. नवरा खाडीत मासेमारी करायचा. तो जाऊन तीन वर्षं झालेली. त्याच्या वस्तूंना त्यांनी हात लावला नव्हता.

एकदा मी 2⁻¹⁰ लिहिलं, मग 2⁻¹⁰⁰. मावशींनी विचारलं, "टीचर, असं करत करत शून्य कधी येते?"

"कधीच नाही, मावशी. लहान लहान होत जातं. पण उरतंच."

त्या बाहेर बघत बसल्या. खाडीवर ऊन हलत होतं. तास संपला, बायका गेल्या, तरी मावशींची वही कोरीच.

दुसऱ्या दिवशी उशिरा आल्या. हाताला खारट वास.

"त्यांचं जाळं काढलं आज," म्हणाल्या. "उन्हात पसरून आली."

आणि वही उघडली. "हां टीचर, पुढचं गणित सांग."