सोजराबाईची हाक

संपतच्या नाकावर राग, हे हिर्डोशीतलं शेंबडं पोरही सांगेल. कापूरहोळला तो स्पीकर दुरुस्त करायचा तेव्हा आवाज फाटत असूनही गिऱ्हाईक ‘चालतंय की’ म्हणालं, तर त्याच्यावरच भडकायचा. त्याच कानांच्या जोरावर गडी पुण्यातल्या स्टुडिओत पोचला. पडद्यावर दार करकरलं की तो आवाज संपतचा, पाऊल वाजलं की संपतचं, मागचं संगीतही त्याचंच. बारा वर्षांत त्याने खोटे आवाज पोतंभर केले. एक खरा मात्र जपून ठेवला होता. त्याच्या आईची, सोजराबाईची, शेरडं बोलवायची हाक.

ती हाक पार दरीपलीकडे जायची. शेरडं माना वर करायची आणि उड्या टाकत खाली यायची. ‘सिनेमात डोंगर दावत्यात, तवा लागंल,’ असं आईला सांगून संपतने ती रेकॉर्ड केली आणि स्वरूप नावाच्या दिग्दर्शकाला विश्वासाने दिली. तिथेच चुकलं. त्या शहाण्याने हाक संथ करून भुताच्या मालिकेत हडळीच्या तोंडी घातली. मालिका मोबाईलवर आली तेव्हा संपतला कळलं.

‘ती माझी आई आहे!’ तो फोनवर ओरडला.

‘अरे, लोक टरकतायत! आवाजाला कुठं आई असते?’ स्वरूप हसला.

संपतच्या तळपायाची आग मस्तकात गेली. हातातलं काम तिथेच टाकून त्याने एसटी धरली.

गावात येऊन बघतो तर आई गुडघे धरत उतारावरून येतेय. सत्तरी उलटलेली बाई मुक्यानेच एकेक शेरडू हाकून आणत होती. तिने हाक दिली की पोरं ‘हडळ आली’ म्हणून पळायची, सुना दारं लावून घ्यायच्या. म्हणून तिने हाकच सोडली होती.

संपतने भर आळीत उभं राहून सगळ्या गावाचा उद्धार केला.

‘त्यांच्यावर का वराडतोस?’ सोजराबाई म्हणाली. ‘म्या हाक त्यांच्या हातात दिली हुती का तुज्या?’

दुसऱ्या दिवशी ऊन कलल्यावर तो म्हणाला, ‘तू बस, आय. म्या आणतो शेरडं.’

ती करवंदीच्या जाळीआड बसली. संपतने वरच्या खडकावर छोटा स्पीकर ठेवला आणि जपलेली मूळ हाक लावली. शेरडं धावत आली. स्पीकर हुंगला, त्याच्याभोवती फिरली आणि कावरीबावरी होऊन ओरडायला लागली.

‘बंद कर ते!’ सोजराबाई कडाडली. ‘मुक्या जनावराला फसवतुयास? मला हुडकत्यात ती!’

ती तरातरा पुढे आली आणि तिने हाक दिली. खाली कुठलंतरी दार धाडकन लागलं. तशी ती वस्तीकडे तोंड करून उभी राहिली आणि दुप्पट आवाजात पुन्हा हाक दिली. शेरडं तिच्या पायांशी गोळा झाली.

संपतचा हात सवयीने खिशातल्या रेकॉर्डरकडे गेला. आईने तेवढं बघितलं. त्याने हात बाहेर काढला, रिकामा.