कुणी न पाहिलेला साकव

ती घटना मी विसरू म्हटलं तरी विसरू शकत नाही. एका निरपराध बाईच्या अटकेचा फॉर्म मी स्वतःच्या हातानं भरून ठेवला होता. फक्त वेळ टाकायची राहिली होती.

सुरुवात एका फोननं झाली. आहुप्याच्या बाजूला एका डोंगरगावी मुक्कामी जाणाऱ्या एसटीचा कंडक्टर म्हणाला, "साहेब, गावातला साकव पुरात वाहून गेला म्हणं. पण त्यो उभा आसताना कुणी पाह्यलाच न्हाई."

मला हसू आलं. कागद पाहिले तेव्हा ते गेलं. गावातून वाडीकडे जाणाऱ्या पायवाटेवर ओढा आहे. त्यावर सरकारी निधीतून साकव, म्हणजे पायी जाण्यापुरता पूल, बांधून पूर्ण झाल्याचा दाखला होता. खाली सरपंचबाईंची सही. पुढच्याच पावसाळ्यात तो वाहून गेल्याचा अहवालही जोडलेला. जागेवर नुसते दगडगोटे. पुरानं नेला की बांधलाच नव्हता, हे ठरवायचं कसं?

गुन्हा दाखल झाला. ठेकेदार खालच्या बागायती पट्ट्यातला. त्यानं लगेच अटकपूर्व जामिनासाठी अर्ज केला. सुनावणी पूर्ण होईपर्यंत अटक नको, मात्र पोलीस ठाण्यात हजेरी द्यावी, असा आदेश घेऊन तो आला. इस्त्रीचा सदरा घालून रोज यायचा आणि सत्यनारायणाच्या प्रसादाला आल्यासारखा बसायचा. आमचे हवालदार त्याला खुर्ची द्यायचे. मीही कधी हटकलं नाही.

सरपंचबाईंनी अर्ज केलाच नव्हता. असा काही जामीन असतो हेच त्यांना ठाऊक नव्हतं. चौकशीला बोलावलं की पिशवीत एक लुगडं आणि दोन भाकरी घेऊन यायच्या.

"आत घालायचं तर घाला, साहेब. म्हशीची सोय लावून आले."

"सही तुमचीच ना?"

"माझीच. घोडेगावात त्या ठेकेदाराच्या गाडीत घेतली. साकव पायजे म्हणून अर्ज हाय, म्हणला."

मला ते पाठ केल्यासारखं वाटलं. वरूनही विचारणा होत होती, अजून एकही अटक कशी नाही? मी फॉर्म भरला.

त्याच दुपारी ठेकेदार हजेरीला आला. मी सहज विचारलं, "ओढ्यापर्यंत बैलगाडीही जात नाही. मग स्लॅब ओतताना खाली टेकू कसले लावले?"

"समोर राई हाय की, राव. वीस-पंचवीस झाडं तोडली. बाईंनीच दाखवून दिली. त्यांना समदं ठाऊक व्हतं."

बाईंना पुरतं अडकवल्याच्या समाधानात त्यानं जबाबावर सही केली.

दुसऱ्या दिवशी मी दोन पंच घेऊन वर गेलो. राईच्या तोंडाशी गावातल्या एका म्हाताऱ्यानं चपला काढल्या आणि माझ्या बुटांकडे पाहत राहिला. मी बूट काढले. मग विचारलं, "बाबा, साकवासाठी कुठली झाडं तोडली?"

त्यानं आधी राईकडे वळून हात जोडले. "साहेब, ही देवाची राई. वाळकी काटकीबी आमी चुलीला नेत न्हाई. झाडाला कुऱ्हाड लागली आसती तर त्यो ठेकेदार डोंगर उतरला नसता."

अनवाणी सगळी राई पालथी घातली. काटे पुष्कळ मिळाले, तोडलेला एकही बुंधा मिळाला नाही. पंचनामा आणि जबाब, दोन्ही आम्ही न्यायालयात दिले. ठेकेदाराचे वकील पुरावर पुष्कळ बोलले. न्यायाधीशांनी एवढंच विचारलं, "तोडलेल्या झाडांचे बुंधेही पुरानं नेले का?"

अर्ज फेटाळला गेला. कोठडीत तिसऱ्या दिवशी ठेकेदारानं सहीची हकिकत सांगितली. घोडेगाव, गाडी, मागणीचा अर्ज. बाईंनी सांगितली होती तशीच.

बाईंना मी अटक केली नाही. हजर राहण्याची नोटीस दिली आणि मोफत वकिलासाठी विधी सेवा समितीकडे पाठवलं. नंतर जबाबाला आल्या तेव्हाही हातात पिशवी होतीच.

"आता पिशवी कशाला, ताई?"

"तुमचा काय भरवसा, साहेब?"

त्या हसल्या नाहीत. मीही नाही.

न्यायालयानं ठेकेदाराला दिलेलं संरक्षण चुकीचं नव्हतं. ज्यानं मागितलं त्याला ते मिळालं. न मागणारीला मी दोषी धरून मोकळा झालो, ती चूक माझी. तो फॉर्म मी फाडला नाही. निवृत्तीपर्यंत टेबलाच्या खणात होता. नवा फॉर्म लिहायला घेतला की आधी तो खण उघडायचो.