वेलांटीचा काना

चौऱ्याऐंशीच्या हिवाळ्यात, एका रविवारी, मुंबईतल्या एका मराठी दैनिकाच्या पुरवणीत एका स्वीडिश लेखिकेच्या कवितेचा अनुवाद छापून आला. अनुवाद रत्नमालाने केला होता. छपाईला जाण्याआधी त्यातली एक वेलांटी मी खोडली आणि तिथे काना केला. पुढे विचारलं गेलं तेव्हा खोटं सांगितलं. हे मी आजवर कुणालाही सांगितलेलं नाही. आई गेली, भाऊ गेला — त्यांनाही नाही.

लेखिकेचं नाव इथे देत नाही. नाव दिलं तर तो अंक शोधणं सोपं जाईल. म्हणजे अजूनही भीती? होय, अजूनही.

मी तेव्हा पुरवणी विभागात उपसंपादक होते. आलेला मजकूर तपासायचा, प्रुफं वाचायची, ऱ्हस्व-दीर्घ सांभाळायचं, हे काम. मुलुंडला भावाकडे राहायचे. भाऊ, वहिनी, आई आणि मी, दोन खोल्या. तिशी उलटली होती. माझ्या लग्नाचं बोलणं घरात थांबलं होतं — म्हणजे माझ्यासमोर थांबलं होतं.

रत्नमाला विक्रोळीची. भांडुपच्या एका कारखान्यात स्टेनो होती. कारखान्याचा स्वीडनमधल्या कंपनीशी करार होता. तिकडून आलेल्या एका इंजिनिअरची बायको परत जाताना आपली पुस्तकं ऑफिसात वाटून गेली, त्यातलं एक रत्नाकडे आलं. त्या लेखिकेच्या कविता, इंग्रजीत. शतकाच्या सुरुवातीला लिहिणारी बाई. चर्चमध्ये वाढलेली, मग देवावर रागावलेली, स्वतःच्या शरीराबद्दल न लाजता लिहिणारी. एका बाईवर तिचं प्रेम होतं आणि त्या प्रेमाचं काय करायचं ते तिला आयुष्यभर कळलं नाही. रत्ना म्हणाली, ही विक्रोळीत असती तर आपण हिला लगेच ओळखलं असतं. मी हसले. हसता हसता उठले आणि आतल्या खोलीत कुणी आहे का ते बघून आले.

शनिवारी तिला अर्धा दिवस असायचा, मला सुट्टी. जेवणं उरकली की ती आमच्याकडे यायची. स्वयंपाकघराच्या फरशीवर बसून आम्ही ओळी लावायचो. दार मी उघडायचे आणि दर वेळी एकच शब्द म्हणायचे — "आलीस?" त्यात काय होतं? मला वाटायचं, काही नाही. पण वहिनी एकदा भाजी निवडताना माझ्या आवाजात म्हणाली, "आलीऽस?" आणि भावाकडे बघून हसली. भाऊ हसला नाही. आई म्हणाली, "तिका घर नाय काय गो?"

त्या दिवसापासून मी घाबरायला लागले. त्याआधीही घाबरत होते, पण तेव्हा भीतीला आवाज नव्हता.

आमच्यात काय होतं? बातमीसारखं लिहायचं तर — दोघींनी एकमेकींना ते एकदा सांगितलं होतं. त्यानंतर त्याचं नाव घेतलं नव्हतं. मी घेऊ दिलं नव्हतं. आमच्या मागच्या इमारतीतल्या एका शिक्षिकेला तिच्या मैत्रिणीवरून बोलणं झाल्यावर घरच्यांनी गावी नेऊन ठेवलं होतं. तिच्या गॅलरीतली तुळस पुढे वाळली, हे मी रोज कपडे वाळत घालताना बघायचे.

आता कवितेबद्दल. छोटी कविता. एक बाई रात्रभर कुणाची तरी वाट बघते आणि ते कुणीतरी येतं. कोण येतं — देव की माणूस — हे मूळ कविता सांगत नाही. इंग्रजीतही नाही. पुस्तक देताना इंजिनिअरच्या बायकोने रत्नाला मूळ ओळ म्हणून दाखवली होती. तिथेही नुसतं 'तू'. त्या 'तू'ला बाईपण नाही, पुरुषपण नाही. मराठीत बऱ्याच ओळी तशाच निभावल्या. 'तू पाणी दिलंस', 'तू दिवा मालवलास' — इथे देणारी बाई की बुवा ते कळत नाही. पण एका ठिकाणी 'येणं' होतं. आणि मराठीत तू आलास तरी किंवा आलीस तरी. मधलं काही नाही.

मी सुचवलं, 'तुझं येणं झालं' असं करू. रत्ना म्हणाली, "सरकारी पत्र आहे का गं?" मग तिने लिहिलं — तू आलीस. लिहून माझ्याकडे बघितलं. मी म्हटलं, छान आहे. हेही खोटंच होतं. मला तेव्हाच वहिनीचा आवाज ऐकू आला होता.

पुरवणीच्या संपादकांना आम्ही अण्णा म्हणायचो. त्यांना परदेशी साहित्याचा कोपरा भरायचा होता. कविता मीच त्यांच्याकडे नेली, मला ती छापून यायला हवी होती. हे खरं आहे आणि ते इथे नोंदवते. प्रूफ हातात आलं तेव्हा मात्र तो शब्द शिशाच्या खिळ्यांत जुळून छापलेला होता. काळा, ठळक. रविवारी वहिनी पुरवणी मोठ्याने वाचते. ती या शब्दाला थांबेल. वर रत्नाचं पूर्ण नाव आहे. भाऊ मान वर करेल. एवढंच डोळ्यांसमोर होतं. पेन हातातच होतं. वेलांटी खोडली, समासात काना केला. आलीस-चं आलास झालं. मी दिवसाला अशा पन्नास दुरुस्त्या करत होते.

अण्णांनी पान बघितलं आणि वर शीर्षक टाकलं — 'देवा, तू आलास'. मूळ कवितेला शीर्षक नव्हतं. मी ते वाचलं, पुढच्या पानाकडे वळले.

रविवारी वहिनीने कविता वाचली. किती छान, अगदी अभंगासारखी, म्हणाली. कात्रीने कापून देव्हाऱ्यात ठेवली. संध्याकाळचा दिवा लावणं माझ्याकडे होतं. मी त्या कात्रणापुढे दिवा लावत राहिले.

विक्रोळीत काय होईल, हा विचार मला शिवला नव्हता. शिवायला हवा होता. रत्नाचे वडील तरुणपणी दीक्षा घेतलेले. कारखान्यातून निवृत्त होऊन वसाहतीतल्या विहारात रविवारी मुलांचा वर्ग घ्यायचे. देव मानणार नाही, ही प्रतिज्ञा ते मुलांकडून म्हणून घेत, आणि ती त्यांच्या लेखी नुसती म्हणायची गोष्ट नव्हती. त्या रविवारी वर्ग सुटल्यावर कुणीतरी त्यांच्यापुढे पुरवणी धरली. चेष्टेतच. पोरगी देवाला लागली वाटतं, गुरुजी.

घरी येऊन त्यांनी आवाज चढवला नाही. दुसऱ्या दिवशी अण्णांपुढे रत्नाने माझ्यादेखत सांगितलं ते एवढंच, की ते पुरवणी गुडघ्यावर ठेवून बसले आणि म्हणाले, "तुझ्या नावावर देव कसा आला?" ती म्हणाली, कवितेत देव नाही, तो पेपरवाल्यांनी घातला. त्यांनी विचारलं, मग 'तू' कुणाला म्हटलंय?

या प्रश्नाला तिच्याकडे एकच खरं उत्तर होतं आणि ते वडिलांना देता येत नव्हतं. देव नाही म्हणावं तर मग कोण? मी काना केला तो स्वतःला लपवायला. तिला लपायला त्या कान्याने काहीच ठेवलं नाही.

सोमवारी ती ऑफिसात आली. आधी माझ्याकडे नाही, सरळ अण्णांकडे गेली. तिचं मागणं साधं होतं. पुढच्या रविवारी दोन ओळींचा खुलासा छापा. शीर्षक अनुवादिकेचं नाही, आणि 'आलास'च्या जागी 'आलीस' वाचावं. म्हणजे? तिने ठरवलं होतं. वडिलांना काय ते कळू दे, पण न म्हटलेला देव तिच्या नावावर नको होता. तिच्यात ते धैर्य होतं आणि त्यासाठी तिला माझ्याकडून फक्त एक शब्द हवा होता.

अण्णांनी मला बोलावलं. विचारलं, हस्तलिखितात काय होतं?

पान छपाईला लागलं की हस्तलिखितं रद्दीत जायची. हे मला माहीत होतं. तिला माहीत नव्हतं. ती माझ्याकडे बघत होती, अगदी निर्धास्त. का नसावी? फरशीवर बसून तिने तो शब्द लिहिला तेव्हा मी शेजारीच होते.

मी म्हणाले, "आलास होतं."

अण्णा तिला म्हणाले, बाई, स्वतः लिहायचं आणि मग कार्यालयावर ढकलायचं, हे बरं नाही. मी जागेवर परतले. बाहेर पडताना ती माझ्या टेबलापाशी थांबली. हळू विचारलं, "तू घाबरलीस ना?" मी म्हटलं, अण्णा आत वाट बघतायत. अण्णा वाट बघत नव्हते.

ती गेल्यावर पलीकडच्या टेबलावरचा एक सहकारी म्हणाला, यांना लिहायची हौस फार, शुद्धलेखन मात्र नको. 'यांना' म्हणजे कुणाला, ते खोलीतल्या प्रत्येकाला कळलं. ऱ्हस्व-दीर्घाची एक चूक तिच्या लिखाणात मला कधी सापडली नव्हती. ते सांगायला माझ्याइतकं योग्य माणूस तिथे दुसरं नव्हतं. मी समोरचं प्रूफ वाचत राहिले.

त्यानंतर शनिवारी कुणी आलं नाही. घरात कुणी विचारलंही नाही. माझी भीती गेली का? नाही. टेलिफोन वाजला की वाटायचं, तिने सांगितलं. विक्रोळीचं कुणी ऑफिसात आलं की वाटायचं, तिने सांगितलं. तिने कुणाला काही सांगितल्याचं माझ्या कानावर कधी आलं नाही. भ्याले होते मी ज्याला, ते कधी घडलंच नाही. जे काही घडलं ते फक्त तिच्या बाबतीत.

खुलासा छापला गेला नाही. अण्णांनी तिचं नाव पुरवणीच्या अनुवादकांमधून काढलं. पुढच्या उन्हाळ्यात मी तिच्या कारखान्यात फोन केला, नाव न सांगता. तिने बदली मागून घेतली होती आणि ती पुण्याच्या ऑफिसला गेली होती, असं ऑपरेटरने सांगितलं. मी तिकडचा नंबर घेतला नाही.

मराठी नियतकालिकं मी निवृत्तीनंतरही चाळत असते, दिवाळी अंकांच्या अनुक्रमणिका आधी. तिच्या नावाने दुसरा अनुवाद कुठे छापून आलेला मला आढळलेला नाही.