कॉफीत उमटलेला अंगठा

दुकान उघडलं की पहिली कॉफी काढून मी ती मोरीत ओतते. मशीन तापावं, नळीतलं शिळं पाणी निघून जावं, यासाठी ते करावंच लागतं. माझ्या मायला हे कधीच पटलं नाही. फेकासाठीच बनवतं त बनवतंच कायले, असं ती रोज म्हणायची आणि रोज ते ओतलेलं पाणी बघत उभी राहायची.

दुसरी कॉफी माझी. ती नीट निघाली तर दिवस नीट जातो.

कॉफी दळली की ती मशीनला लावायच्या हॅन्डलच्या चाळणीत ढीग होऊन पडते. मधे उंच, कडेला कमी, आत बारीक गुठळ्या. ती तशीच दाबून टाकली तर वरून गुळगुळीत दिसते, पण आत कुठं घट्ट आणि कुठं पोकळ राहते. मग मशीनचं गरम पाणी जोरात येतं आणि पोकळ जागा शोधून तिथूनच घुसतं. त्या वाटेवरची कॉफी कडू होते, बाजूची कच्चीच राहते, आणि एकाच कपात कडूही लागतं, आंबटही लागतं. म्हणून दाबायच्या आधी सारखं करायचं. बांबूच्या छोट्या तुकड्यात मी बारीक सुया खोचून घेतल्या आहेत. त्या चाळणीच्या तळापर्यंत घालून गोल गोल फिरवायच्या, गुठळ्या मोडायच्या, हलकेच एकदा ठोकायचं, आणि मग सरळ दाबायचं.

"एवढं त म्या तुये केस नाही विंचरले," माय म्हणाली होती.

हे मी नागपूरच्या एका कॉफीच्या दुकानात शिकले. शिकवणाऱ्याला वाटलं होतं, गावाकडची पोरगी, हिला समजायला वेळ लागेल. मला पहिल्याच दिवशी समजलं. खेकड्यानं बांधाला बोटभर बीळ पाडलं तर अख्खी बांधी रिकामी होते, हे आमच्याकडं चालायला लागलेल्या लेकराला कळतं. धानाच्या शेताच्या एकेका तुकड्याला आम्ही बांधी म्हणतो. रोवणीच्या, म्हणजे लावणीच्या, आधी तिच्यातला चिखल फळी फिरवून सारखा करतात. चिखल उंचसखल राहिला तर एकीकडचं रोप बुडतं आणि दुसरीकडचं सुकतं. कॉफीत वेगळं काहीच नाही.

आमच्या घरात कॉलेजची पायरी चढलेली मी पहिली. बी.कॉम. झाले, नागपुरात नोकरी केली, आणि परत आले ते स्वतःच्या मर्जीनं आले. हे सांगते, कारण गावात अजून लोक विचारतात की तिकडं काही झालं का. काही झालं नाही. मला स्वतःचं दुकान पाहिजे होतं. अड्याळच्या रस्त्याला लागून आमची एक बांधी होती. जंगल पाहायला जाणाऱ्या गाड्या तिथूनच जातात. शाळांचे मास्तर, बँकेतले लोक रोज ये-जा करतात. बाबा गेल्याला वर्ष झालं, तेव्हा मी मायला म्हटलं, या बांधीत मुरूम टाकू आणि दुकान बांधू.

दोन दिवसांनी मायनं एकच अट घातली. एक धान निघेपर्यंत दुकान नीट उभं राहिलं तर राहिलं. काही इकडचं तिकडं झालं, कुठं तडा गेला, कुठं ओल आली, तर मुरूम काढायचा आणि बांधी परत बांधी करायची. मी हो म्हटलं. बी.कॉम.चा निकाल माझ्या हातात होता, बांधकामाचा नकाशा माझ्या हातात होता, मला कशाची भीती वाटणार होती?

बाबांबद्दल सांगायला पाहिजे, नाहीतर पुढचं समजणार नाही. बाबा गावच्या तलावाचे पाणकर होते. तलावाच्या पाळीत, म्हणजे मातीच्या भरावात, पाणी सोडायची जुनी दगडी जागा असते, तिला तुडुम म्हणतात. ते उघडायचं, आणि पाणी कोणाच्या बांधीत आधी, कोणाच्या नंतर, हे बघायचं, हे त्यांचं काम. आमच्याकडं शेवटच्या बांधीला पहिलं पाणी. तलावाजवळच्याला शेवटी. जवळच्याला आधी दिलं तर त्याचं पोट कधी भरत नाही आणि शेवटच्यापर्यंत पाणी पोचत नाही म्हणून. पाणी एका बांधीतून दुसरीत जातं, त्यामुळं मधला बांध कुठं फोडायचा तेही पाणकरच ठरवतो. बाबा आदल्या दिवशी फिरायचे आणि जिथं बांध फोडायचा तिथं ओल्या चिखलात अंगठा दाबून खूण करायचे. त्या खुणेवरच फावडं मारायचं, दुसरीकडं नाही. त्यांच्या उजव्या अंगठ्यावर विळ्याचा जुना व्रण होता, आडवा. त्यामुळं खूण कोणाची आहे हे विचारावं लागत नसे. बाबा गेल्यावर गावानं नवीन पाणकर नेमलाच नव्हता. पोळा झाला की बघू, दिवाळी झाली की बघू, असंच चाललं होतं.

दुकान सुरू होऊन पाऊस निम्मा सरला होता. एका सकाळी मी माझी कॉफी सारखी केली. वरून पाहिलं तर एकदम सपाट, तलावाच्या संथ पाण्यासारखी. दूध गॅसवर ठेवलेलं होतं, ते उतू जाईल म्हणून हॅन्डल ओट्यावर ठेवून मागं गेले. परत आले तर चाळणीतल्या कॉफीत एका बाजूला खड्डा होता. लहान, गोलसर, कोणी अंगठा टेकवल्यासारखा.

दुकानात कोणी नव्हतं. दार लावलेलं होतं. मी परत सारखं केलं, दाबलं, कॉफी काढली. कडू आणि आंबट. वापरलेली कॉफीची चकती ठोकून बाहेर काढली तर तिच्यात त्याच बाजूला आरपार भोक पडलेलं.

पहिल्या दिवशी मला वाटलं, गाड्यांमुळं झालं असेल. रस्त्यावरून रेतीचे ट्रक जातात, ओटा हलतो, कॉफी बसते. बरोबर आहे. पण बसायचीच तर सगळीकडून बसली पाहिजे. खड्डा दर वेळी त्याच बाजूला पडायचा, तलावाकडं पाठ केली की डाव्या हाताच्या कोपऱ्याकडं. हॅन्डल फिरवून ठेवलं तरी त्याच कोपऱ्याकडं. चाळणी बदलली. दळायचं यंत्र उघडून साफ केलं. सुया नव्या खोचल्या. मी उभी राहून बघत असले की काही व्हायचं नाही. नजर हलली, दूध काढायला वाकले, पैसे घ्यायला वळले, की झालं. गिऱ्हाइकांना मी दुसरी कॉफी काढून द्यायचे आणि खराब झालेली स्वतः प्यायचे. एका मास्तरांनी थट्टा केली की मॅडम, आमच्यापेक्षा तुम्हीच जास्त पिऊन राहिल्या. मी हसले.

एक गोष्ट मी कोणाला सांगितली नाही. एकदा उन्हं खिडकीतून तिरपी आली होती, तेव्हा मी तो खड्डा वाकून पाहिला. तळाशी एक बारीक आडवी रेघ होती.

मग एका दुपारी माय आली. मी कपबश्या पुसत होते. ओट्यावर सारखी केलेली कॉफी होती, आणि तिच्यात खड्डा पडलेला होता. माय पदरानं हात पुसत तिथं थांबली. नंतर स्वतःचा अंगठा त्या खड्ड्यावर धरला, टेकवला नाही, नुसता वर धरला, जसं एखाद्या लेकराचा पाय मापतात तसा.

"तुया बाबाचा आहे," ती म्हणाली.

मी तिला म्हटलं, माय, काहीही बोलू नको. ट्रकनं ओटा हलते. हे मी चढ्या आवाजात म्हटलं. ती घरी गेली. दारातून जाताना तिनं उंबऱ्याला हात लावला. दुकानाच्या उंबऱ्याला ती कधी हात लावत नसे.

दोनच दिवसांनी शेवटच्या बांधीवाले काकाजी आले. आमचे लांबचे चुलते. त्यांना कॉफी आवडत नाही, कडू काढा म्हणतात, म्हणून मी चहा ठेवला. धान निसवायला लागलं होतं, म्हणजे लोंबी बाहेर पडायला. त्या दिवसांत पाणी कमी पडलं तर दाणा पोचट राहतो, आणि पाऊस तर रुसलेला. काकाजी आभार मानायला आले होते.

"पोरी, तुनं मायी बांधी तारली. रोज सकाळी पाणी येऊन राह्यलं. मी म्हणो, बांधी बुजवली, आता आपलं पाणी गेलं. पण तुया घरानं शेवटच्याले पह्यलं पाणी देनं सोडलं नाही."

मी चहा गाळत होते. मी कोणालाच पाणी दिलं नव्हतं. आमच्या बांधीतून काकाजींकडं जाणाऱ्या पाण्यासाठी दुकान बांधताना बाजूनं एक नाली काढून दिली होती, तेवढीच. काकाजी गेल्यावर मी नाली बघायला गेले. ती कोरडी होती, गवतानं भरलेली, तळाला भेगा. तशीच पाळीवर चढले. तुडुम बंद होतं. या वर्षी ते कोणी उघडलंच नव्हतं. जुनं दगडी काम आहे, झिरपत असेल, असं मी स्वतःला मोठ्यानं सांगितलं. मग खाली उतरून काकाजींच्या बांधीपर्यंत गेले. तिच्यात घोटाभर पाणी होतं, नितळ, आणि ते माझ्या दुकानाच्या बाजूनं येत होतं. हवा नव्हती. पाण्यावरचं गवताचं एक पान हळूहळू माझ्यापासून दूर जात होतं.

परत येऊन मी जे पहिल्या दिवशी करायला पाहिजे होतं ते केलं. ओट्यावर पसरट ताटली ठेवली आणि काठोकाठ पाणी भरलं. पाणी त्याच कोपऱ्याच्या बाजूनं सांडलं. ओटा कलला होता. नुसत्या डोळ्यांना दिसणार नाही एवढाच, पण कलला होता. कललेल्या ओट्यावर हॅन्डल टेकवून मी सरळ दाबत होते, म्हणून कॉफी एकीकडं पातळ राहत होती आणि पाणी तिथूनच फुटत होतं. मला हायसं वाटलं. हे हिशेबात बसत होतं.

मग मी त्या कोपऱ्यातल्या फरशीवर कान ठेवला, आणि खालून पाणी वाहत असल्याचा आवाज आला.

सब्बल, म्हणजे पहार, लावून ती एक फरशी मी स्वतः उचलली. खाली मुरूम नव्हता. हात कोपरापर्यंत आत गेला आणि गार पाणी बोटांना लागून पुढं सरकत राहिलं, जसं कोणी बाजूनं चालत जावं.

गवंड्याला फोन केला. त्याच्यासाठी हे सोपं होतं. म्हणाला, मॅडम, सिमेंट ओतून द्या पोकळीत, फरशी बसवा, कोणाले मालूम पडत नाही. खरंच कोणाला कळलं नसतं. मायला कळलं नसतं, तिची अट मोडली नसती, दुकान राहिलं असतं. काकाजींची बांधी निसवत्या धानासकट सुकली असती, आणि लोकांनी पावसाला दोष दिला असता. मी फरशी भिंतीला टेकवून ठेवली आणि त्या भोकाजवळ खुर्ची घेऊन बसले. एक गाडी थांबली, आतल्या माणसानं कॉफी आहे का विचारलं. मी बंद आहे म्हटलं. मशीन तापलेलंच होतं.

शेवटी मी मायला घरून बोलावून आणलं आणि दाखवलं. अट तिनं घातली होती. लपवाछपवी करायला मी शिकले नाही.

तिनं वाकून पाहिलं. मला वाटलं, आता म्हणेल की मुरूम काढ. मी सांगितलं की तू म्हणशील तसं करीन, उद्याच मशीन विकायला काढते.

"कायले विकतं?" माय म्हणाली. "पाण्यानं सारं दुकान मांगलं का? कोपरा मांगून राह्यलं. कोपरा दे."

असं दुकान राहिलं आणि कोपरा गेला. त्या कोपऱ्यातली भिंत आता आत वळवून बांधली आहे, मोकळ्या कोपऱ्यातून रुंद सिमेंटचा पाइप काकाजींच्या बांधीकडं जातो, आणि ओटा मी समोरच्या भिंतीला, पक्क्या जमिनीवर नेला. ताटलीतलं पाणी आता सगळीकडं सारखं राहतं. कॉफीही. खड्डा परत पडला नाही. तरी सारखी केल्यावर मी मुद्दाम एकदा मागं वळते, दूध नसलं तरी, आणि मग परत बघते.

पण पाइप बसवून झाल्यावर त्याच्या तोंडाशी कच्चा बांध घातला होता, तो फोडायच्या सकाळचं सांगायचं राहिलं. काकाजी पलीकडं उभे होते. माय म्हणाली, पाणकर कोणी नाही, आता खूण तूच कर. मी चप्पल काढून चिखलात उतरले, फावडं बाजूला ठेवलं आणि वाकले. बांधाच्या मधोमध, ओल्या चिखलात, खूण आधीच होती.

आदल्या संध्याकाळी तो बांध मीच थापला होता, हातानं सारखा केला होता. मी आजूबाजूला पाहिलं. पावलं फक्त माझी होती.

मी माझा अंगठा त्या खुणेत ठेवला. खूण थोडी मोठी होती, अंगठा आत हलत होता. तळाशी फिरवला तर एक बारीक आडवी रेघ हाताला लागली.

"काय झालं व?" मागून माय बोलली.

काही नाही म्हटलं. खुणेवरच फावडं मारायचं असतं. मी उठले, फावडं उचललं आणि मारलं. पाणी गेलं.