बरगडीमामा आणि ग्रहणाचे एक्स-रे

बरगडीमामांबद्दल गल्लीत एक कुजबुज होती. हा माणूस म्हणे घरोघरचे जुने एक्स-रे गोळा करतो, त्यातली चांदी काढतो आणि गुपचूप बायकोला बांगड्या करतो. पहिल्या मजल्यावरच्या शिंपीणबाईंनी तर त्या बांगड्यांची किणकिणही ऐकली होती, तीही बंद दारातून. शिंपीणबाईंचे कान असे, की शेजारच्या घरात कोणी मनातल्या मनात काही म्हणालं तरी त्यांना ऐकू जायचं.

मामांनी तीस वर्षं दवाखान्यात एक्स-रे काढले. ‘श्वास घ्या, धरून ठेवा, सोडा,’ एवढ्या तीन वाक्यांवर संसार केला म्हणा ना. माणसाच्या तोंडाकडे बघायची सवयच नव्हती. होणारा जावई पहिल्यांदा घरी आला, तर त्याला बस म्हणायच्या आधी विचारलं, “डावा खांदा कधी निखळला होता?” निखळला होता, हे वेगळं!

त्या वर्षी बुधवारी सकाळी अकराला सूर्यग्रहण होतं. चंद्र सूर्याचा पाऊण भाग झाकणार होता. शाळेच्या फळ्यावर सूचना लागली: ग्रहण बघायला प्रत्येकाने घरून एक जुना एक्स-रे आणावा. ती वाचल्यापासून मामांचा जीव थाऱ्यावर नव्हता. पिशवी घेऊन ते दारोदार फिरायला लागले.

“मावशी, तुमचा गुडघा द्या.”

“अरे, मग मी चालू कशी?”

“फोटोतला हो!”

शिंपीणबाईंनी मात्र दारातूनच हात हलवला. “माझी कंबर नाही मिळायची. चांदीची आहे ती.”

शनिवारपर्यंत पिशवीत तेवीस एक्स-रे जमले. शाळेत मुलं चारशे.

“अहो, असे एकेक वेचत बसलात तर पुढचं ग्रहण उजाडेल,” मामी म्हणाल्या. “शाळेतल्या मोठ्या बाईंना जाऊन सरळ सांगा ना.”

“काय सांगू?”

“जे आहे ते.”

मामा पिशवीच्या बंदाशी चाळा करत बसले. त्यांची धाकटी बहीण तिथेच होती. पलीकडच्या गल्लीत राहायची, बेकरीत पाव बांधून द्यायची. ती उठली आणि म्हणाली, “चल दादा, मीही येते. तुझ्याच्याने नाही व्हायचं.”

मंगळवारी मधल्या सुट्टीत दोघं मुख्याध्यापिका बाईंच्या खोलीत शिरले. टेबलावर हाडांचा ढीग लागलेला. बरगड्या, मनगटं, कोणाची तरी वाकडी करंगळी.

“मामा, उगाच घाबरवता तुम्ही,” बाई म्हणाल्या. “यातून सूर्य कसा छान मऊ दिसतो. डोळे जराही दिपत नाहीत.”

“तेच तर वाईट ना, बाई. दिपत नाहीत म्हणून माणूस बघत राहतो. उजेड अडतो, जाळणारं असतं ते अडत नाही. आणि डोळ्याच्या आतल्या पडद्याला दुखत नाही हो. जळून जातो, तरी कळत नाही.”

“इतकी वर्षं लोक बघतातच की. झालं का कोणाला काही?”

मामांनी उगाच टेबलावरचा एक गुडघा उचलून सरळ करून ठेवला.

धाकटी पुढे झाली. तळहाताने तिने डावा डोळा झाकला आणि उजव्याने बाईंकडे पाहिलं.

“बाई, मला तुमच्या कानातले डूल दिसतात. झकास आहेत. खांद्यावरची पिन दिसते. चेहरा तेवढा दिसत नाही, तिथे राखाडी डाग आहे. चंद्र सूर्यावर येतो ना, तसा. फक्त हा सरकत नाही.”

बाईंचा हात आपोआप स्वतःच्या गालाकडे गेला. “कधीपासून?”

“मागच्या ग्रहणापासून. असल्याच एक्स-रेतून बघितलं होतं. दहा मिनिटं झाली असतील.”

“पण तुमच्या हातात दिला कोणी तो?”

“आता कोणाला आठवतंय, बाई. गच्चीवर ही गर्दी होती.”

मामा खिडकीबाहेर बघत होते. बाईंनी दोन्ही हातांनी ढीग त्यांच्याकडे लोटला. “न्या सगळे. पण चारशे पोरांना सांगू काय? ग्रहण रद्द झालं म्हणून?”

“बेकरीतली चाळणी आणते मी,” धाकटी म्हणाली. “बारीक नको, जरा मोठ्या भोकांची.”

बुधवारी पोरं सूर्याकडे पाठ करून अंगणात उभी राहिली. धाकटीने चाळणी वर धरली, आणि भोकाभोकातून फरशीवर शेकडो छोटे सूर्य उमटले, प्रत्येकाचा लचका तोडलेला. एका पोरीने बूट पुढे केला. “बाई, माझ्या बुटावर अकरा ग्रहणं!” मग काय, बुटांची एकच झुंबड उडाली. चाळणी धरून धाकटीचे हात भरून आले, तरी ती खाली ठेवायला तयार नव्हती.

शिंपीणबाई फाटकाशी होत्याच. मामा पोरांनी त्या दिवशी आणलेल्या एक्स-रेंचा गठ्ठा बगलेत मारून निघालेले पाहून त्या शेजारणीला म्हणाल्या, “आता बांगड्या नाहीत बाई, कंबरपट्टाच!”

मामांनी चांदी कधी काढली नाही. ते सगळे एक्स-रे त्यांनी घरी नेऊन कात्रीने कापून टाकले. मागच्या ग्रहणाला धाकटीच्या हातात एक्स-रे त्यांनीच दिला होता.