गव्यांची ओळ

घरातून बाहेर पडताना अक्का आधी मेन स्विच खाली ओढत. मग त्यावर तळहात ठेवून क्षणभर थांबत, बसलेल्या जनावराच्या पाठीवर ठेवावा तसा. त्यानंतर कडी आणि कुलूप. शेजारी जायचं असलं तरी हेच.

"घरात माणूस न्हाई तर वीज कशाला जागी ठेवायची?" असं त्या म्हणत.

कर्नाटकातल्या जोयडा तालुक्याच्या डोंगरात ही रीत घरोघरी दिसते. तारा जंगलातून येतात. कधी त्यांवर फांदी पडते, कधी ढग गडगडतात आणि कुणाचा टीव्ही जळतो, कुणाच्या पंपाची मोटर जाते. त्यामुळे शेतावर जाताना मेन खाली, झोपतानाही मेन खाली. तुम्ही या भागात मुक्काम केला असेल तर पाहिलं असेल, फ्रिज असलेल्या घरांतही हा नियम मोडत नाहीत.

अक्कांची माझी ओळख नंदिगड्ड्याच्या पंचायतीत झाली. मी रामनगरला राहतो आणि बेळगावच्या एका दैनिकाला बातम्या पाठवतो. पंचायतीपर्यंत इंटरनेटची तार येऊन वर्ष झालं होतं आणि तिथून पाच-सहा घरांत, अक्कांच्याही, जोडणी गेली होती. त्याची बातमी करायला गेलो होतो. साठीच्या एक बाई दाराशी उभ्या होत्या. नऊवारी गुडघ्यापर्यंत खोचलेली, पायांना चिखल.

"तुम्ही पेपरवाले न्हवं?"

"हो."

"मग मशिनीतलं कळत असंल तुमास्नी."

"ते कसं काय?"

"पेपरात सगळं येतंय की. मोबाइल कसा वापरायचा ते बी येतंय. चला, च्या घ्या. तेवढं बघा की वो अण्णा."

मी गेलो. देवाच्या कोनाड्याजवळ टीव्ही होता. त्याखाली पाटावर, जुन्या टॉवेलखाली, एक गेम खेळायचं मशीन होतं. शहरातल्या मुलांकडे असतं तसं, दोन हातांत धरायच्या रिमोटचं.

"हे कोण खेळतं?"

"मी," अक्का म्हणाल्या. "दुसरं हाय कोण घरात?"

त्यांचे यजमान वारून बरीच वर्षं झाली होती. एकुलती मुलगी नर्स. आधी बेळगावच्या एका इस्पितळात होती, तिथल्या पगारातून तिनं हे मशीन घेतलं. पुढे आखातात नोकरी लागली. जाताना ते तिनं आईजवळ ठेवलं आणि सुट्टीत आईला शेतीचा एक गेम शिकवला. तिकडे पोचल्यावर स्वतःसाठी दुसरं मशीन घेतलं. दोघींचं पडद्यावर एकच शेत झालं. शेत मुलीच्या नावावर, त्यात एक वावर आईचं. दर शुक्रवारी मुलीला सुट्टी असे. त्या दिवशी दोघी कानाला हेडफोन लावून त्या शेतात जात, पेरत, पाणी घालत, कापत.

अक्कांना इंग्रजी वाचता येत नव्हतं. त्या रंगांवरून आणि खुणांवरून चालत. निळं म्हणजे पाणी, पिवळं म्हणजे कापणीला आलं, तांबडी पट्टी म्हणजे काहीतरी बिघडलं.

कापणी करताना त्या बांधालगतची एक ओळ उभी ठेवत. खऱ्या शेतातही त्यांची तीच सवय होती. त्यांच्या सासऱ्यांनी घातलेली. गवे रात्री उतरतात, कडेचं खाऊन काही वेळा परत फिरतात, म्हणून ती ओळ गव्यांची. मुलगी हसायची.

"आई, इथं गवे नाहीत."

"आज न्हाईत. रान हाय का न्हाई तिथं?"

"आहे, पण ते नुसतं चित्र आहे."

"मग येतील."

व्हिडिओ कॉल का करत नाही, असं मी एकदा विचारलं. अक्कांनी थोडा विचार केला. "करतो की. ती म्हणते जेवलीस का, मी म्हणते जेवले. मी म्हणते तू, ती म्हणते व्हय. मग ती माझ्याकडं बघत बसते, मी तिच्याकडं. लई अवघड वाटतं. शेतात बोलणं येतं आपसूक. हाताला काम लागतं बोलायला."

कोणत्या वॉर्डात कोण डॉक्टर ओरडतो, खोलीतली मल्याळी मुलगी कशी घोरते, लग्नाचं स्थळ मुलीनं का नाकारलं, हे सगळं अक्कांना पडद्यावरच्या कोबीला पाणी घालताना कळलं होतं.

ते आता बंद पडलं होतं. कंपनीनं गेममध्ये बदल केला होता. मुलीच्या मशीननं तो उतरवून घेतला. आईच्या मशीनवर तो उतरत नव्हता, आणि तो उतरेपर्यंत मुलीच्या शेताचं फाटक आईला उघडत नव्हतं. तिकडून मुलीनं फोनवर पुष्कळ सांगून पाहिलं होतं. चाकाची खूण, मग तिसरी ओळ, मग गोल बटण. तांबडी पट्टी हटत नव्हती. तीन शुक्रवार असेच गेले होते.

"तिच्या गायी हायत तिथं," अक्का म्हणाल्या. "ती ड्युटीवर असली की कोण बघणार त्यांच्याकडं?"

"त्या गायी मरत नाहीत, अक्का."

"मरत न्हाईत तर गायी कसल्या?"

मी मशीन पाहिलं. वरचा टॉवेल काढला, तो हवा अडवत होता. साठवणीत जागा नव्हती. मुलीचे दोन जुने गेम होते, ते तिला विचारून काढले. वाय-फायऐवजी राउटरची तार थेट जोडली. अर्धवट अडकलेलं डाउनलोड रद्द केलं, मशीन पूर्ण बंद करून पुन्हा सुरू केलं आणि नव्यानं मागणी दिली. किती उतरलं ते दाखवणारी पट्टी हलू लागली. तार बारीक होती, गेम मोठा. पूर्ण उतरायला दोन-अडीच दिवस लागतील असा अंदाज पडद्यावर आला. मशीन झोपेत असतानाही काम चालू राहील अशी व्यवस्था मी करून दिली. झोपेत असलं की त्यावर केशरी दिवा दिसतो, तो दाखवला.

"आता हात लावू नका," असं सांगून निघालो.

आठवड्यानं अक्का रामनगरच्या बाजाराला आल्या. लांबूनच त्यांनी नकारार्थी हात हलवला.

"न्हाई उतरलं वो. वर चढतंय आणि परत पहिल्यापासनं."

पुढच्या बाजाराला त्या मशीनच घेऊन आल्या. गोधडीत गुंडाळलेलं आणि डोक्यावर. बसमध्ये कुणीतरी विचारलं, काय, बाळ का? त्या म्हणाल्या, व्हय, थोरलं.

माझ्या घरी जोडणी वेगवान आहे. लावलं. दुपारभर त्या समोर खुर्चीत बसून राहिल्या. तीन भाग उतरले, एक उरला आणि त्यांच्या बसची वेळ झाली.

"राहू दे इथंच, उद्या न्या," मी म्हणालो.

"लेकीची वस्तू परक्याच्या घरी रातभर?" त्या म्हणाल्या. मग मला वाईट वाटेल असं त्यांना वाटलं असावं. "तुमी परके न्हाई. पर ती इचारणार, आई, रात्री मशीन कुठं हुतं. काय सांगू?"

त्यांनी उठून भिंतीवरचा प्लग ओढला. मी पुढे होण्याआधीच. तारेचे वेढे नीट घातले, गोधडी बांधली आणि गेल्या. घरी लावल्यावर मशीननं उतरलेला सगळा भाग खराब ठरवला आणि पुन्हा पहिल्यापासून सुरुवात केली.

दोष कुठे आहे हे मला त्या दिवशी कळायला हवं होतं, पण कळलं पुढच्या फेरीत. नंदिगड्ड्यात सगळं पुन्हा सुरू करून दिलं. अक्का म्हणाल्या, चला, वावर दाखवते. आम्ही उंबऱ्याशी आलो आणि त्यांचा हात वर गेला. मेन खाली आलं. आतला केशरी दिवा विझला.

"अक्का!"

"काय झालं?"

"तुम्ही आत्ता ते बंद केलंत."

"मशिनीला कुठं हात लावला? मेन ओढलं."

मी समजावून सांगितलं. वीज अशी अचानक तुटली की मशीन गोंधळतं, उतरलेलं टाकून देतं. अक्कांनी शांतपणे ऐकून घेतलं आणि विचारलं, "मग रातचं?"

"रात्रीही चालू ठेवायचं."

"झोपल्यावर माणूस घरात असून नसल्यागतच की."

त्यांनी प्रयत्न केला नाही असं नाही. एक दिवस शेतावर न जाता त्या मशीनसमोर बसून राहिल्या, जाग्या माणसाच्या घरात वीज चालते म्हणून. रात्री अंथरुणावर पडल्यावर विजेचा घोर लागला. उठून मेन ओढलं. दुसऱ्या दिवशी फोनवर त्यांनी हे मला स्वतःच सांगितलं. "हातच ऐकत न्हाई वो," त्या म्हणाल्या.

मुलगी दर शुक्रवारी विचारी, "आई, उतरलं का?" आणि अक्का मला विचारत, "का वो उतरत न्हाई?" उत्तर आम्हा दोघांनाही माहीत होतं.

त्यानंतर काही दिवसांनी अक्का मला रामनगरच्या बस स्टँडवर दिसल्या. बाजाराचा दिवस नव्हता. हातात कापडी पिशवी, अंगावर धुतलेलं लुगडं. छातीत कळ येत होती. इथल्या डॉक्टरांनी बेळगावच्या सरकारी इस्पितळात जायला सांगितलं होतं. सोबत शेजारच्या वहिनींचा भाऊ होता, तो तिकीट काढायला गेला होता.

"चार दिवसांत येते. लेकीला सांगू नका. ती उगंच नोकरी सोडून पळत येईल."

"नाही सांगत."

बेळगावची बस लागली. अक्कांनी पायरीवर पाय ठेवला, मग परत खाली घेतला आणि माझ्याजवळ येऊन हळू आवाजात म्हणाल्या, "अण्णा, मेन चालू ठेवून आलेय."

मी त्यांच्या हातातली पिशवी घेतली.

"घरात कुणी न्हाई, तवर उतरंल म्हटलं. पर चुलीत विस्तव ठेवून आल्यागत वाटतंय. एवढं बघून या. चावी वहिनीकडं हाय."

पुढचे दिवस कामात गेले. शुक्रवारी दुपारी मी नंदिगड्ड्याला पोचलो. वहिनींनी कुलूप काढून दिलं. त्या आठवड्यात वीज गेली नव्हती, असं त्यांनी सांगितलं. जोयड्यात ही सांगण्यासारखी गोष्ट असते. बंद घरात मेन वर होतं आणि पाटावर केशरी दिवा होता. टॉवेल बाजूला घडी करून ठेवलेला.

टीव्ही लावला. पट्टी पूर्ण भरली होती.

एवढं पाहून मशीन बंद करता आलं असतं. पण शहानिशा केल्याशिवाय निरोप द्यायचा नाही, ही धंद्याची सवय. गेम खरंच उघडतो का ते पाहायला मी बटण दाबलं. फाटक उघडलं. शेत दिसलं. मधोमध अक्कांची बाहुली उभी होती, डोक्याला तांबडा रुमाल. रिमोट माझ्या हातात होता आणि ती कशी चालवतात हे मला माहीत नव्हतं.

शेताच्या पलीकडून दुसरी एक बाहुली धावत आली. हातात पाण्याची झारी. ती येऊन तांबड्या रुमालासमोर थांबली. टेबलावरच्या हेडफोनमधून बारीक आवाज आला.

"आई? आई, उतरलं?"

मी हेडफोन कानाला लावला.

"किती दिवस गं! गायींना पाणी घातलंय मी. तुझं वावर बघ, सगळं पिवळं झालंय, मी हात लावला नाही. बोल की. आवाज येत नाही का?"

अक्कांना दिलेला शब्द मला आठवत होता. बाहुली वाट पाहत उभी होती.

मी माझं नाव सांगितलं, कुठून बोलतो ते सांगितलं. मग आई कुठे आहे, कशासाठी गेली, कधी गेली, सोबत कोण आहे, हे त्याच क्रमानं सांगितलं. जे माहीत नव्हतं, ते माहीत नाही म्हणून सांगितलं. पलीकडून एकच प्रश्न आला, "मामा, इस्पितळ कोणतं?" तेही सांगितलं. त्यानंतर आवाज बंद झाला. झारी घेतलेली बाहुली मात्र तिथेच उभी राहिली. तिला चालवणारं माणूस उठून गेलं होतं.

मुलगी तिसऱ्या दिवशी बेळगावला पोचली. मी तेव्हा तिथे होतो. अक्का शुद्धीवर होत्या, बोलत होत्या. त्यांनी मुलीकडे पाहिलं, मग तिच्यामागे उभ्या असलेल्या माझ्याकडे.

"सांगितलंत न्हवं? पेपरवाल्याच्या पोटात काय ऱ्हात न्हाई."

मुलीनं त्यांचा हात धरला. बराच वेळ दोघी एकमेकींकडे बघत बसल्या. मग अक्काच म्हणाल्या, "जेवलीस?"

"जेवले. तू?"

"व्हय."

मी बाहेर येऊन बाकावर बसलो.

त्या आठवड्याच्या अखेरीस अक्का गेल्या. दिवसकार्य नंदिगड्ड्यात झालं. परत जाण्याच्या दिवशी मुलीनं भांडी पालथी घातली, मशीनवर टॉवेल घातला, दाराशी आली आणि मेन खाली ओढलं. हात काही वेळ तिथेच होता. चावी वहिनींकडे दिली. गावातलं वावर वहिनींचा भाऊ करतो.

शुक्रवारी तिचा कधीकधी फोन येतो. बोलण्यासारखं दोघांकडेही फार नसतं. मागच्या वेळी मी विचारलं, ते शेत अजून आहे का?

आहे, म्हणाली. आईचं वावर तिनं कापलं. बांधालगतची ओळ उभी ठेवली आहे.